भात पिकवणाऱ्याच्या ताटात भात का नव्हता? जपानी चित्रपट ‘त्सुची’ समजून घेताना

२०२५ च्या वसंतात जपानमधल्या दुकानांत ५ किलो तांदळाची पिशवी ४,००० येनच्या वर गेली. वर्षभरापूर्वी ती जवळजवळ निम्म्या किमतीला मिळत होती. सरकारला राखीव कोठारं उघडावी लागली. आपल्याला तांदूळ कधी विकत घ्यावाच लागलेला नाही, असं बोलून गेलेले कृषिमंत्री एतो ताकू यांना मे महिन्यात राजीनामा द्यावा लागला. त्या काळातल्या बहुतेक बातम्यांत एक वाक्य हमखास यायचं: जपानमधली भातशेतं फार लहान आहेत आणि ती कसणारी माणसं सत्तरीला टेकली आहेत.

शेतं लहान का, हे शोधत मागे गेलं की आपण दुसऱ्या महायुद्धानंतरच्या जमीनवाटपापाशी पोहोचतो. ते वाटप का करावं लागलं, हे डोळ्यांनी पाहायचं असेल तर १९३९ चा एक कृष्णधवल चित्रपट आहे. नाव ‘त्सुची’, म्हणजे माती. दिग्दर्शक उचिदा तोमू. जपानमध्ये बोलपट रुळायला लागून जेमतेम आठ वर्षं झाली होती तेव्हाचा हा चित्रपट. आज जो कोणी तो पाहतो, त्याला दोन गोष्टी कोड्यात टाकतात. यात ठळक खलनायक कुणीच नाही, मग ही माणसं इतकी गरीब का? आणि दिवसभर भाताच्या चिखलात उभी असलेली ही माणसं जेवताना भाताला मोताद का?

गोष्ट साधी आहे

कान्जी हा विधुर शेतकरी. घरात वयात आलेली मुलगी ओत्सुगी आणि लहान मुलगा योकिची. जमीन दुसऱ्याची. डोक्यावर सासऱ्याच्या काळापासूनचं कर्ज. तो सासरा, उहेई, म्हातारपणी घरी परत येतो आणि जावई-सासऱ्यांचं जमत नाही. कान्जी दिवसरात्र राबतो, मुलीला गावातल्या पोरांपासून दूर ठेवतो, पैशाला पैसा जोडतो, आणि एके दिवशी घराला आग लागते. एवढंच कथानक. बाकी सारा चित्रपट ऋतूंचा आणि कामाचा आहे: नांगरट, लावणी, पाण्याची वाट पाहणं, कापणी, पुन्हा कुदळ.

ज्या कादंबरीवर तो बेतला आहे ती नागात्सुका ताकाशी यांची. १९१० साली ती तोक्यो असाही शिम्बुन या दैनिकात क्रमशः आली आणि १९१२ मध्ये पुस्तकरूपाने निघाली. कादंबरीत म्हाताऱ्याबद्दल एक तपशील आहे. नोदा गावातल्या सोया सॉसच्या कोठारांवर तो रात्री आगीची राखण करायचा. इतरांचा माल ज्याने आगीपासून सांभाळला, तो हजर असतानाच नातवाच्या खेळापायी स्वतःचं घर जळतं.

कूळ आणि खंड

दुसऱ्याची जमीन कसणारा तो कूळ, आणि त्याबद्दल तो मालकाला देतो तो खंड. कूळ कायद्यामुळे हे शब्द आपल्याकडे घराघरांत माहीत आहेत, म्हणून तेच वापरतो.

जपानमध्ये भातखाचरांचा खंड पैशात नसे, तांदळात असे. प्रमाण साधारणपणे पिकाच्या निम्म्याच्या आसपास. बहुतेक ठिकाणी ‘आलेल्या पिकाचा अर्धा’ असा हिशेब नसून ठरलेली पोती द्यायची असत. हा फरक छोटा वाटतो, पण सगळी मेख तिथेच आहे. समजा चांगल्या वर्षी शेतात १० पोती तांदूळ होतो आणि खंड ५ पोत्यांचा ठरलाय. पाऊस रुसला आणि ७ पोतीच झाली, तरी मालकाची ५ ठरलेलीच. कुळाच्या हाती उरतात २. म्हणजे पीक तीस टक्क्यांनी घटलं, पण कुळाचा वाटा साठ टक्क्यांनी घटला.

उरलेल्या पोत्यांतूनही बियाणं ठेवायचं. खत कुळाच्या खर्चाने: सुकवलेली मासळी, सोयाबीनची पेंड. मग सावकार. रोख लागते म्हणून उरलेला चांगला तांदूळही विकायचा. भात कापल्यावर हिवाळ्यात त्याच शेतात जव घेता येत असे. त्या दुसऱ्या पिकावर बऱ्याच भागांत खंड नसे, ते कुळाचं असे. म्हणून घरात शिजायचा जव, आणि त्यात मूठभर तांदूळ पडला तर पडला. आळस, उधळपट्टी किंवा नशीब यांतलं काहीही न आणता हा हिशेब पूर्ण होतो. मला हा चित्रपट महत्त्वाचा वाटतो तो याचसाठी. तो हिशेब मांडत नाही, पण त्या हिशेबात अडकलेलं शरीर दाखवतो. ठरलेल्या पोत्यांचं हे गणित कळलं की कान्जीचा चिक्कूपणा, त्याचा संशय, मालकाच्या दारातली त्याची वाकलेली मान, सगळं उलगडायला लागतं. वाईट वर्षी खंड थोडा कमी करून मिळत असे, पण तो हक्क नव्हता, मालकाची मर्जी होती. मर्जी राखायची तर वर्षभर मान खाली ठेवावी लागते.

जमीन मालकाकडे गेली कशी?

१८६८ नंतर जपानमध्ये नवं सरकार आलं. त्याला रेल्वे, सैन्य, कारखाने उभारायला रोख पैसा हवा होता. १८७३ साली जमिनीची किंमत ठरवून तिच्यावर ३ टक्के कर बसवला गेला, तोही रोखीत. लोक खवळले तेव्हा १८७७ मध्ये तो अडीच टक्क्यांवर आणला. पीक येवो न येवो, कर तेवढाच. पुढे १८८० च्या दशकात शेतमालाचे भाव कोसळले. कर मात्र तसाच राहिला. छोट्या मालकांनी कर्ज काढलं, ते फिटलं नाही, जमीन गेली, आणि कालचा मालक त्याच बांधावर कूळ म्हणून उभा राहिला. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात देशातल्या शेतजमिनीपैकी सुमारे ४५ टक्के जमीन कुळं कसत होती.

आता मालकाच्या बाजूने पाहा. त्याला खंड तांदळात मिळतो आणि कर रोखीत भरायचा असतो. तांदळाचा भाव चढला की त्याची मिळकत वाढते, कर जागच्या जागी राहतो. भाव चढल्याचा फायदा राबणाऱ्या कुळापर्यंत जवळजवळ पोहोचतच नाही, कारण त्याच्याकडे विकायला पोतीच कमी.

मग गाव सोडून का गेले नाहीत?

गेले, पण बहुतेकदा घरातलं एखादं माणूसच जाई. मुली सूतगिरण्यांत आणि रेशमाच्या कारखान्यांत जात. बापाला आगाऊ रक्कम मिळे आणि ती मुलीच्या पगारातून वळती होई. पुरुष शेतीच्या मोकळ्या दिवसांत मजुरीला जात. कादंबरीतला कान्जीही बायको आजारी असताना तोने नदीच्या कामावर मातीच खणत असतो. पूर्ण कुटुंब उठून गेलं तर कसण्याचा हक्क जातो, कर्ज मात्र मागे येतं.

ओत्सुगीचं तर जाणंच शक्य नाही. आई गेल्यावर घर, भाऊ आणि अर्धं शेत तिच्यावर आहे. कान्जी तिच्यावर जी पाळत ठेवतो ती आज पाहताना संताप येतो, आणि यावा. बापाच्या धाकामागे भीती आहे. ही मुलगी लग्न होऊन गेली तर दोन हात कमी होतील आणि खंडाची पोती भरणार नाहीत. काझामी आकिको या अभिनेत्रीने ओत्सुगी फार कमी शब्दांत उभी केली आहे. माझ्या मते चित्रपटातलं सगळ्यात नेमकं काम तिचं आहे, कान्जी झालेल्या कोसुगी इसामु यांच्यापेक्षाही.

मालक दुष्ट होता का?

इथे कादंबरी फार प्रामाणिक आहे. कान्जी चोरी करताना पकडला जातो तेव्हा मध्ये पडून त्याला सोडवते ती मालकीणच. ती खरंच भली बाई आहे. पण अडीअडचणीला मदत ज्या दारातून मिळते, खंडही त्याच दारात न्यायचा असतो. तिच्या दयेमुळे कान्जी तुरुंगातून वाचतो आणि तिच्या उपकारात अधिक बांधला जातो. व्यवस्था वाईट असायला माणसं वाईट असावी लागत नाहीत, हे पटवून द्यायला एरवी जाडजूड पुस्तकं लागतात.

जमीनदाराच्या मुलाने कुळाचं दुःख लिहावं?

हा आक्षेप रास्त आहे. नागात्सुका (१८७९–१९१५) इबाराकी प्रांतातल्या जमीनदार घराण्यातले होते. मासाओका शिकी या कवीचे शिष्य, स्वतः उत्तम कवी. गरिबी त्यांनी स्वतःच्या सुखवस्तू घराच्या उंबरठ्याआतून पाहिली. पण त्यांच्या कुंपणापलीकडेच ती माणसं राहत होती, आणि त्यांनी ती वर्षानुवर्षं न्याहाळली. संवाद त्यांनी गावच्या बोलीत ठेवले, शहरी वाचकाला जड जाईल याची पर्वा न करता. बायकोच्या मृत्यूचं कारणही त्यांनी झाकलं नाही. आणखी एक तोंड पोसणं शक्य नाही म्हणून ती स्वतःच गर्भ पाडते आणि धनुर्वाताने जाते. १९१० साली मोठ्या दैनिकात हे छापून आलं, हे लक्षात घ्यायला हवं.

ही कादंबरी असाहीत छापून आणण्यामागे नात्सुमे सोसेकी होते, तेव्हाचे सर्वांत नावाजलेले कादंबरीकार. पुस्तकाच्या प्रस्तावनेत त्यांनी स्पष्ट लिहिलं की हे वाचणं सुखाचं नाही. आपली मुलगी मोठी होऊन मैफिलींना आणि नाटकांना जायचं म्हणू लागेल, तेव्हा तिच्या हाती आपण हे पुस्तक देऊ, अशा अर्थाचंही त्यांनी लिहिलं आहे. मला यात थोडा वरून पाहण्याचा सूर ऐकू येतो. तरीही तोक्योतल्या सुखवस्तू वाचकाला त्यांनी या चिखलाकडे मान वळवायला लावली, हे काम छोटं नाही.

वर्षभर चाललेलं चित्रीकरण

निक्कात्सु या चित्रपट कंपनीला या विषयात रस नव्हता. गरीब शेतकऱ्याचा, ना प्रेमकथा ना तलवारबाजी असा चित्रपट कोण पाहणार? जपानी चित्रपटेतिहासात नेहमी सांगितली जाणारी हकिकत अशी की उचिदांनी आणि त्यांच्या चमूने इतर चित्रपटांचा पैसा आणि कच्ची फिल्म वळवून, सवड मिळेल तसं हे चित्रण केलं. वर्षभर चाललेलं काम कंपनीला अजिबात कळलं नसेल, हे मला पटत नाही. कानाडोळा झाला असावा. काहीही असो, एक वर्ष लागलं याला कारण होतं: चारही ऋतू खरे हवे होते. लावणी लावणीच्या वेळी, बर्फ बर्फाच्या वेळी.

त्या वर्षभराचा परिणाम पडद्यावर दिसतो. कॅमेरा कामाला घाई करत नाही. कुदळ वर जाते, खाली येते, पुन्हा वर जाते. काही प्रेक्षकांना हे कंटाळवाणं वाटतं आणि मी त्यांना दोष देणार नाही. पण कष्टाची सुंदर झलक दाखवून पुढे जाणारे चित्रपट पुष्कळ आहेत. वेळ किती जातो, कंबर किती वेळा वाकते, हे दाखवायला असंच थांबावं लागतं. १९३९ साठी ‘किनेमा जुन्पो’ या मासिकाच्या समीक्षकांनी ‘त्सुची’ला वर्षातला सर्वोत्कृष्ट जपानी चित्रपट ठरवलं.

युद्धाच्या काळात हे चाललं कसं? प्रचारपट होता का?

जपानचं चीनशी युद्ध १९३७ पासून सुरू होतं. ‘त्सुची’ प्रदर्शित झाला त्याच १९३९ च्या एप्रिलमध्ये चित्रपट कायदा जाहीर झाला आणि ऑक्टोबरपासून लागू झाला. पटकथा आधी सरकारी तपासणीतून जाणार, दिग्दर्शकांना आणि नटांना नोंदणी लागणार. नमुना नाझी जर्मनीचा.

अशा काळात खंडाचा हिशेब उघड मांडणारा चित्रपट टिकला नसता. सरकारला गावाकडून दोन गोष्टी हव्या होत्या, तांदूळ आणि सैनिक. तक्रार न करता मातीत राबणारा शेतकरी हे त्याला आवडणारं चित्र होतं. ‘त्सुची’ त्या चौकटीत बसवता येतो, म्हणून तो सुटला. त्याकडे चिकाटीचा गौरव म्हणून पाहणारे तेव्हाही होते.

तरी मी त्याला प्रचारपट म्हणणार नाही, आणि त्यासाठी एक तुलना पुरेशी आहे. दोनच वर्षं आधी, १९३७ मध्ये, जर्मन दिग्दर्शक आर्नोल्ड फांक यांच्या जर्मन-जपानी चित्रपटात हेच कोसुगी इसामु नायक होते. तो नायक शेवटी मांचुरियात, म्हणजे जपानने ताब्यात घेतलेल्या ईशान्य चीनमध्ये जातो, तिथल्या विस्तीर्ण जमिनीत ट्रॅक्टर चालवतो आणि बाजूला सैनिक पहारा देतो. गावात जमीन पुरत नाही, तर चला दुसऱ्यांच्या देशात, असं सरकारी उत्तर. १९३६ मध्ये तर २० वर्षांत १० लाख शेतकरी कुटुंबं तिकडे पाठवायची योजना ठरली होती. १९४५ पर्यंत सुमारे पावणेतीन लाख माणसं गेली, आणि पराभवाच्या वेळी त्यांचे अतोनात हाल झाले. ‘त्सुची’त असलं कुठलंही उत्तर नाही. तोच नट, तीच कुदळ, पण कान्जी जिथे आहे तिथेच आहे.

मग बंड कुठे आहे?

हा आक्षेप मला सर्वांत जड वाटतो. १९२२ साली कोबेमध्ये जपानी शेतकरी संघ स्थापन झाला होता. कागावा तोयोहिको आणि सुगियामा मोतोजिरो हे त्याचे पुढारी. खंड कमी करा म्हणून कुळं एकत्र येत होती. १९३५ च्या सुमारास वर्षाला सहा हजारांहून जास्त तंटे नोंदवले जात होते. चित्रपटाच्या गावात याची चाहूलही नाही.

कादंबरी १९१० ची, संघटना नंतरची, हे एक उत्तर. सेन्सॉरशिप हे दुसरं. दोन्ही खरी असूनही माझं पूर्ण समाधान होत नाही. १९३९ च्या प्रेक्षकासमोर १९१० चं मुकाट गाव ठेवल्याने मधला संघर्ष पुसला गेला. या चित्रपटावरून जपानी कूळ कायम मुकाट होतं असा समज कुणी करून घेऊ नये.

हे संपलं कसं?

युद्धातल्या पराभवानंतर, अमेरिकी ताब्याच्या काळात. डिसेंबर १९४५ चा पहिला कायदा तोकडा ठरला. ऑक्टोबर १९४६ चा दुसरा कडक होता. गावात न राहणाऱ्या मालकाची कुळांकडची सगळी जमीन सरकारने घेतली. गावात राहणाऱ्याला होक्काइदो हे उत्तरेकडचं बेट सोडून इतरत्र सरासरी १ चो, म्हणजे सुमारे १ हेक्टर, एवढीच कुळाकडे ठेवता आली. जमीन कुळांना विकली गेली आणि त्या वर्षांतल्या प्रचंड महागाईत तिची किंमत नावापुरती उरली. अंमलबजावणी गावच्या निवडून आलेल्या समितीकडे होती: ५ कुळं, ३ मालक, २ स्वतःची जमीन कसणारे. हा कायदा कागदावर राहिला नाही, याचं मोठं श्रेय मी या ५-३-२ ला देतो. कुळांकडची जमीन ४६ टक्क्यांवरून १९५० पर्यंत १० टक्क्यांच्या आसपास आली.

याची दुसरी बाजू आज दिसते. मालकी मिळाली ती छोट्या छोट्या तुकड्यांची. जमीन पुन्हा मूठभरांकडे जाऊ नये म्हणून १९५२ च्या शेतजमीन कायद्याने खरेदी-विक्रीवर आणि भाडेपट्ट्यावर कडक बंधनं घातली. १९७० पासून सरकारनेच भाताखालचं क्षेत्र कमी करायला सांगितलं, आणि ते धोरण २०१८ पर्यंत चाललं. मुलं शहरात गेली, तुकडे म्हाताऱ्यांकडे राहिले. त्यामुळे मागणी-पुरवठ्यात थोडा जरी घोळ झाला तरी भाव उसळतात. यावरून जमीनवाटपच चुकलं असं म्हणणारे आहेत. त्यांनी ‘त्सुची’ एकदा पाहावा. कान्जीच्या मुलांना स्वतःचं शेत मिळणं चूक नव्हतं. पुढच्या सत्तर वर्षांत धोरण पुरेसं बदललं नाही, ही चूक होती.

पाहायचा असेल तर

मूळ चित्रपट १४२ मिनिटांचा होता. जपानमधल्या त्याच्या प्रती नाहीशा झाल्या. १९६८ मध्ये पूर्व जर्मनीच्या संग्रहात एक प्रत सापडली, जर्मन उपशीर्षकांची, सुमारे दीड तासाची. पहिली आणि शेवटची पानं गहाळ झालेल्या पोथीसारखी तिची अवस्था होती. पुढे रशियाच्या गोस्फिल्मोफोंद संग्रहात अधिक लांब, दोन तासांच्या जवळ जाणारी प्रत मिळाली. त्या संग्रहातले बरेच जपानी चित्रपट सोव्हिएत सैन्याने १९४५ साली मांचुरियातून नेलेले आहेत. उचिदा स्वतःही तेव्हा मांचुरियातच होते आणि १९५३ मध्येच मायदेशी परतू शकले. शेवटचं रीळ मात्र या प्रतीतही नाही. निवड करता आली तर लांबची प्रत पाहा. आवाज खरखरीत आहे, चित्र जागोजागी मळलेलं आहे. पहिली पंधरा मिनिटं त्याची सवय होण्यात जातात.

शेवटासाठी कादंबरीकडे जावं लागतं. आगीनंतर म्हातारा बर्फात निपचित पडलेला सापडतो, त्याला घरी आणतात, आणि इतकी वर्षं आवळून धरलेली कान्जीची मूठ थोडी सैल होते. कादंबरीचा इंग्रजी अनुवाद १९८९ साली अ‍ॅन वास्वो यांनी केला. त्या मुळात जपानी जमीनदारीच्या इतिहासकार. खंडाचे आकडे त्यांना सरकारी दप्तरांत मिळत होते. कुळाच्या घरात काय शिजत होतं आणि कोण कुणाशी का भांडत होतं, यासाठी त्यांना ही कादंबरी लागली. अनुवाद वाचताना त्यांची प्रस्तावना वगळू नका.